ओरखड्यांचा बाजार

बाजारात माल चमकवून विकला जातो, हे सर्वांना ठाऊक आहे. अलीकडे या बाजाराने उलटी किमया साधली आहे. स्वच्छ, निर्दोष माल मुद्दाम मळवून, खरवडून आणि पिवळा पाडून विकण्याची ही किमया होय. मोबाइलच्या कॅमेऱ्याने घेतलेल्या लखलखीत छायाचित्रावर बोटाच्या एका स्पर्शाने जुन्या चित्रपटाची कळा चढवणारे फिल्टर आज कोट्यवधी लोकांच्या खिशात आहेत. उडालेल्या रंगांची तांबूस झाक, रिळावरचे उभे ओरखडे, धुळीचे ठिपके, जाड दाणा, असे सारे काही त्यांत तयार मिळते. एका जगप्रसिद्ध छायाचित्र-सेवेच्या पहिल्या फिल्टरांपैकी एकाचे नावच '१९७७' असे होते. याच रांगेत हाँगकाँगच्या जुन्या कुंग फू विनोदपटांची कळाही हौसेने मागितली जाते आणि चढवली जाते.

हौसेला मोल नसते, असे म्हणून हा विषय बाजूला सारणे सोपे आहे. पण एखादी गोष्ट बाजारात विकली जाऊ लागली की तिच्यामागे कोणाचे श्रम आहेत आणि तिच्यावरून कोणाचे नाव पुसले गेले आहे, हे विचारणे समाजवादी कार्यकर्त्याचे नित्याचे काम ठरते. मग हाच प्रश्न या ओरखड्यांनाही विचारला पाहिजे. ते कोठून आले? कोणाच्या अंगावर उमटले? आणि आज त्यांची किंमत कोण वसूल करतो?

भुकेल्यांचा विनोद

आधी चळवळीच्या स्वतःच्या घरातील एक जळमट झाडून टाकणे आवश्यक आहे. हाणामारीचे चित्रपट म्हणजे कष्टकऱ्यांना गुंगवणारी अफू, असा शेरा मारून डावे विद्वान पूर्वी मोकळे होत. पण या चित्रपटांचा मूळ प्रेक्षक कोण होता? २५ डिसेंबर १९५३ रोजी हाँगकाँगमधील शेक किप मेई येथील झोपडवस्तीला आग लागली आणि पन्नास हजारांहून अधिक माणसे एका रात्रीत उघड्यावर आली. त्यांतील बहुतेक मुख्य भूमीवरून आलेले निर्वासित होते. ब्रिटिश वसाहतीच्या सरकारने त्यानंतर बांधलेल्या पुनर्वसन वसाहतींतून प्लास्टिकची फुले, कपडे आणि खेळणी बनवणाऱ्या कामगारांची पिढी वाढली. १९६७ साली सान पो काँग येथील प्लास्टिकच्या फुलांच्या कारखान्यात तंटा झाला आणि त्याचा वणवा साऱ्या वसाहतभर पसरला. दिवसभर यंत्रापुढे राबणाऱ्या या माणसांनी तिकिटे काढून ज्यांना मोठे केले, ते हे चित्रपट होत.

त्या पडद्यावर त्यांना काय दिसले? १९७५ साली लाऊ कार-लेउंग यांनी 'द स्पिरिच्युअल बॉक्सर' काढला. अंगात दैवी शक्तीचा संचार झाल्याचे ढोंग करून पोट भरणाऱ्या भोंदूची ती कथा. कुंग फू आणि विनोद यांची सांगड घालणाऱ्या पहिल्या चित्रपटांत तिची गणना होते. १९७६ साली मायकेल हुई यांचा 'द प्रायव्हेट आइज' आला. तो निखळ कुंग फू पट नव्हे, पण त्यात स्वयंपाकघरातल्या मारामारीत सॉसेजची माळ ब्रूस लीच्या नुनचाकूसारखी गरगरते. चिक्कू मालकाच्या हाताखाली पिळल्या जाणाऱ्या पगारी नोकरांची व्यथा त्याच्या शीर्षकगीताने साऱ्या शहराच्या तोंडी घातली.

१९७८ साली युएन वो-पिंग यांनी 'स्नेक इन द ईगल्स शॅडो' आणि 'ड्रंकन मास्टर' हे दोन चित्रपट पाठोपाठ काढले. पहिल्याचा नायक कुंग फूच्या शाळेतला पोरका नोकर आहे. फरशी पुसायची आणि शिक्षकांना ठोसे मारण्यासाठी आपले अंग पुढे करायचे, हे त्याचे काम. दुसऱ्याचा नायक वाँग फेई-हुंग. या ऐतिहासिक पुरुषाला क्वान टाक-हिंग या नटाने सत्तरहून अधिक चित्रपटांत धीरगंभीर, सदाचारी गुरू म्हणून साकारले होते. युएन वो-पिंग यांनी त्याला उनाड, खादाड, फुकट जेवून मार खाणारा पोरगा केले. त्याचा गुरू म्हणजे एक दारुडा भिकारी, आणि त्याचा शत्रू म्हणजे पैसे मोजून आणलेला मारेकरी.

देव्हाऱ्यातल्या पुरुषाला रस्त्यावर आणणारी ही हास्यदृष्टी कष्टकऱ्यांची होती. उपाशी माणूस बलवानाची फजिती करतो, लाकडी बाक आणि जेवणाच्या काड्या यांचीच शस्त्रे करतो, हे पाहून कामगार हसला. त्या हसण्याला अफू म्हणणाऱ्यांना अफूही कळली नव्हती आणि कामगारही कळला नव्हता.

मार खाणाऱ्यांचे श्रम

मात्र हे हसू ज्या शरीरांतून निर्माण झाले, त्यांची कहाणी हसण्याजोगी नाही. जॅकी चॅन, सॅमो हंग, युएन बियाओ हे सारे यू जिम-युएन यांच्या हाँगकाँगमधील पेकिंग ऑपेराच्या शाळेतून आले. आईबापांनी करारनामा लिहून द्यायचा आणि मूल गुरूच्या स्वाधीन करायचे, अशी तेथील पद्धत होती. जॅकी चॅन यांनी १९९८ साली प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्रात आपल्या दहा वर्षांच्या कराराची हकीकत सांगितली आहे. शिस्तीसाठी मरेपर्यंत मारण्याची मुभाही त्या कराराने गुरूला दिली होती, आणि मुलांनी रंगमंचावर केलेल्या कामाची मिळकत गुरूकडे जात असे. १९८८ साली या शाळेवर 'पेंटेड फेसेस' नावाचा चित्रपट निघाला. त्यात गुरूची भूमिका सॅमो हंग यांनी, म्हणजे त्यांच्याच एका शिष्याने केली.

'ड्रंकन मास्टर'मध्ये नायक उलटा टांगलेला असतो. खालच्या बादलीतले पाणी इवल्याशा पेल्यांनी वरच्या बादलीत भरत राहणे, हे त्याचे शिक्षण. प्रेक्षागृह हसून लोळते. ज्या पोरांनी बालपणी छडीखाली तासन् तास हातांवर उभे राहून दिवस काढले, तीच पोरे मोठी होऊन तो छळ विनोद म्हणून जगापुढे मांडत होती. या विनोदपटांचे खरे सामर्थ्य येथे आहे. अपमान गिळलेल्या माणसाने तो अपमान स्वतःच्या कसबाने हास्यास्पद करून दाखवला.

पुढे ऑपेराचा प्रेक्षक चित्रपटाने पळवला आणि ही कसलेली शरीरे रोजंदारीवर चित्रनगरीच्या दारात उभी राहिली. क्लिअरवॉटर बे येथे १९६१ साली सुरू झालेली शॉ ब्रदर्सची चित्रनगरी म्हणजे चित्रपटांचा कारखानाच होता. तेथे नटांना ठराविक पगाराच्या दीर्घ मुदतीच्या करारांनी बांधले जाई, आणि राहण्याची सोयही कंपनीच्याच आवारात असे. १९७० साली रेमंड चाऊ शॉंना सोडून गेले आणि त्यांनी गोल्डन हार्वेस्ट काढली, तेव्हा नामांकित नटांना नफ्यात वाटा मिळू लागला. रोजंदारीवर पडणाऱ्या, आपटणाऱ्या माणसाला मात्र दोन्हीकडे रोजंदारीच होती.

१९८६ साली युगोस्लाव्हियात 'आर्मर ऑफ गॉड'च्या चित्रीकरणात जॅकी चॅन झाडावरून पडले आणि त्यांची कवटी फुटली. ती बातमी जगभर झाली. नायकाच्या फसलेल्या उड्या चित्रपटाच्या शेवटी श्रेयनामावलीबरोबर दाखवण्याची प्रथा पडली आणि प्रेक्षकांना ती फार आवडली. पण ज्यांची नावे त्या श्रेयनामावलीत नव्हती, त्यांच्या मोडलेल्या हाडांचा हिशेब कोणत्या पडद्यावर आला?

रंग का उडाले?

आता त्या 'कळे'कडे वळले पाहिजे. येथे एक साधी वस्तुस्थिती आहे आणि तीच विसरली जाते. हे चित्रपट जेव्हा प्रदर्शित झाले, तेव्हा ते पिवळे नव्हते. शॉंच्या चित्रनगरीतील रंगवलेले आकाश निळेशार होते, रेशमी वस्त्रे भडक होती, रक्त तांबडेलाल होते. कामगाराने पैसे मोजले ते झळाळी पाहण्यासाठी. जीर्णतेसाठी त्याने पैसे मोजलेले नव्हते. जीर्णता त्याच्या खोलीत भरपूर होती.

मग आज ज्याला 'जुन्या फिल्मची कळा' म्हणतात, ती आली कोठून? १९५० मध्ये बाजारात आलेल्या ईस्टमनकलरसारख्या फिल्मवर तीन रंगद्रव्यांचे थर असतात. त्यांतील निळसर थर सर्वांत आधी विरतो. फिल्म उष्ण, दमट जागी पडून राहिली की हा क्षय वेगाने होतो आणि साऱ्या चित्रावर तांबूस छटा पसरते. १९८० साली मार्टिन स्कॉर्सेसी यांनी या रंगक्षयाविरुद्ध चित्रकर्मींची मोहीम उघडली, तेव्हा कोठे अधिक टिकाऊ प्रतींच्या फिल्मकडे उत्पादकांचे लक्ष गेले. ओरखड्यांचा जन्मही असाच आहे. एकच प्रत दिवसाला अनेक खेळ खेळे. पहिल्या दर्जाच्या चित्रगृहातून दुसऱ्या, तिसऱ्या दर्जाच्या चित्रगृहात आणि तेथून परदेशातल्या चिनी वस्तीत ती फिरत राही. रीळ गुंडाळताना, उलगडताना धुळीचा प्रत्येक कण तिच्यावर रेघ मारी. प्रतीवरून प्रत, तिच्यावरून आणखी प्रत आणि शेवटी व्हिडिओ कॅसेट, असे करता करता दाणा जाड होई आणि सावल्या काळ्याठिक्कर पडत.

तेव्हा ही कळा त्या चित्रपटांची नाही. ती त्यांच्या उपेक्षेची आहे. मालकाने तिकिटांचा गल्ला गोळा केल्यावर चित्रपट कोठेही टाकून दिला, त्याची ती खूण आहे. गिरणी कामगाराच्या फुप्फुसात साचलेला कापूस हा जसा त्याचा स्वभाव नव्हे, तसाच रिळावरचा ओरखडा हे चित्रपटाचे सौंदर्य नव्हे.

उपेक्षा अटळ होती, असेही नाही. शॉंच्या ७६० चित्रपटांचा संग्रह २००० च्या सुमारास सेलेस्टिअल पिक्चर्स या कंपनीने घेतला आणि ते डागडुजी करून २००२ पासून पुन्हा बाजारात आणले, तेव्हा मूळ रंग बघून लोक चकित झाले. हाँगकाँगचे सार्वजनिक चित्रपट संग्रहालय २००१ साली उघडले, म्हणजे या चित्रपटांचा सुवर्णकाळ सरून गेल्यावर. पैसा आणि यंत्रणा असली की काय वाचू शकते, हे दोन्ही उदाहरणे सांगतात. पैसा मिळेल असे वाटेपर्यंत खासगी मालकाला जाग येत नाही, हेही त्यांतील पहिले उदाहरण सांगते.

अंधारात काम करणारे हात

फिल्मचा दाणा आज गणिती सूत्राने काही क्षणांत छायाचित्रावर शिंपडता येतो. खरा दाणा कारखान्यात तयार होई. जनावरांच्या हाडांपासून काढलेले जिलेटिन आणि चांदीचे क्षार यांचा लेप लांबलचक पट्ट्यांवर चढवायचा, तोही गडद अंधारात, कारण प्रकाशाचा एक किरण सारा माल नासवी. चाचपडत, पावले मोजत काम करणाऱ्या कामगारांनी या उद्योगाची शहरे उभी केली.

कोडॅककडे १९८८ च्या सुमारास जगभर जवळजवळ १ लाख ४५ हजार लोक कामाला होते. त्याच कंपनीतील एका अभियंत्याने १९७५ साली पहिला डिजिटल कॅमेरा बनवला होता. फिल्मच्या नफ्याला धक्का लागू नये म्हणून व्यवस्थापनाने त्या वाटेवर पाऊल टाकण्यास वर्षानुवर्षे टाळाटाळ केली. जानेवारी २०१२ मध्ये कोडॅकने दिवाळखोरी जाहीर केली. तीनच महिन्यांनी, एप्रिल २०१२ मध्ये, छायाचित्रांवर फिल्मची नक्कल चढवून देणारी इन्स्टाग्राम ही कंपनी फेसबुकने १ अब्ज डॉलरला विकत घेण्याचे जाहीर केले. तेव्हा तिच्याकडे १३ कर्मचारी होते. कोडॅकला इन्स्टाग्रामने बुडवले, असे म्हणणे खोटे ठरेल. तिला तिच्या मालकांच्या लोभाने बुडवले. पण या दोन घटना शेजारी ठेवल्या की बदल कोणाच्या पदरात पडला, हे स्पष्ट होते. दाणा राहिला, दाणा बनवणारा गेला. आणि ज्याची किंमत त्याला मिळाली नाही, ती त्याच्या नकलेला मिळाली.

ही गोष्ट परदेशापुरती नाही. उटकमंड येथे हिंदुस्तान फोटो फिल्म्स हा सार्वजनिक क्षेत्रातील कारखाना १९६० साली स्थापन झाला. त्याची 'इंदू' फिल्म देशभर वापरली गेली. १९९६ साली तो आजारी उद्योग ठरला आणि २०१४ मध्ये उरलेल्या कामगारांना स्वेच्छानिवृत्ती देऊन तो बंद करण्याचा निर्णय केंद्र सरकारने घेतला. तंत्र बदलणार, हे दिसत असताना कामगारांना नव्या तंत्राकडे नेण्याची योजना आखली गेली नाही. आज त्याच देशातला तरुण फिल्मच्या नकलेवर हौसेने खर्च करतो, आणि फिल्म बनवणारे एक गाव या देशातही होते, हे त्याला कोणी सांगितलेले नसते.

आक्षेपांना उत्तर

या विवेचनावर तीन आक्षेप घेतले जातील. त्यांची दखल घेणे योग्य होईल.

पहिला आक्षेप असा की ही निरुपद्रवी गंमत आहे. गंमतीला विरोध असण्याचे कारण नाही. विरोध आहे तो गंमतीच्या नावाखाली होणाऱ्या विस्मरणाला. मुखवटा घालणे ही गंमत आहे. पण मुखवटा ज्याच्या चेहऱ्यावरून घेतला, तो माणूसच विसरला गेला, तर त्या गंमतीत खोट आहे.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. फिल्म महाग होती. गरिबाच्या पोराला कॅमेरा हातात धरता येत नव्हता. आज तोच पोरगा मोबाइलवर चित्र काढतो आणि त्याला हवी ती छटा देतो. ही लोकशाही नव्हे काय? होय, साधन सर्वांच्या हाती येणे ही लोकशाहीच आहे आणि तिचे स्वागत केले पाहिजे. पण साधन हाती आलेल्या पोराला त्याच्या स्वतःच्या काळाचे रंग सोडून दुसऱ्याच्या जीर्णतेचे तयार साचे पुरवले जातात, तेव्हा त्याच्या हाती फक्त साधन आलेले असते. दृष्टी कंपनीकडेच राहते.

तिसरा आक्षेप हा, की या आवडीमुळेच तरुण जुन्या चित्रपटांकडे वळतात. वळत असतील तर उत्तमच. ज्याने फिल्टर वापरला, त्याने 'ड्रंकन मास्टर' पाहावा, त्यातील पोरांची कहाणी वाचावी. मग त्याला ओरखड्यापलीकडचा माणूस दिसेल, आणि ओरखडा आपोआप कमी मोहक वाटू लागेल.

मोर्चाचे छायाचित्र

या साऱ्याचा चळवळीशी संबंध काय, असे विचारणाऱ्यांनी चळवळीचीच छायाचित्रे पाहावीत. आजच्या संपाचे, आजच्या धरण्याचे छायाचित्र घेऊन त्यावर सत्तरीच्या दशकाची तांबूस कळा चढवण्याची हौस तरुण कार्यकर्त्यांनाही लागली आहे. हेतू चांगला असतो. लढ्याला परंपरेची झळाळी यावी, असे त्यांना वाटते. परिणाम मात्र उलटा होतो. कालच्या दुपारी निघालेला अंगणवाडी सेविकांचा मोर्चा त्या छटेत पन्नास वर्षे जुना दिसू लागतो. पाहणारा हळवा होतो आणि पुढे जातो, कारण जे संपून गेले त्याच्यासाठी कोणी रस्त्यावर उतरत नाही. सत्ताधाऱ्यांना लढे असेच हवे असतात : सुंदर, करुण आणि भूतकाळातले. त्यांच्या हातचे हे काम कार्यकर्त्यांनी स्वतः करून देऊ नये. मोर्चातल्या बाईच्या साडीचा रंग आज जो आहे, तोच छायाचित्रात दिसला पाहिजे. तिची मागणी आजची आहे.

जुन्याबद्दल खरी आस्था असेल तर ती दाखवण्याच्या जागा वेगळ्या आहेत. पहिली जागा संग्रहालयाची. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये स्थापन झाले. पी. के. नायर यांनी आयुष्य वेचून ते वाढवले. तरीही जानेवारी २००३ मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत जुन्या नायट्रेट फिल्मचा मोलाचा साठा जळाला. दादासाहेब फाळके यांचा १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र' आज अपुराच उरला आहे. २०२२ साली हे संग्रहालय राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आले. नफातोट्याच्या भाषेत बोलणाऱ्या महामंडळाच्या छत्राखाली लोकांचा हा ठेवा कसा सांभाळला जातो, त्यावर किती खर्च होतो आणि तो सामान्य माणसाला पाहायला मिळतो की नाही, याचा जाब विधिमंडळात आणि संसदेत विचारला गेला पाहिजे.

दुसरी जागा जिवंत माणसांची. जुलै २०२५ मध्ये तमिळनाडूत चित्रीकरणातील एका उडीत मोटार उलटून साहसदृश्ये करणारा एक कलाकार मृत्युमुखी पडला. त्यानंतर एका नामवंत नटाने अशा शेकडो कलाकारांच्या विम्याचा भार स्वतः उचलल्याच्या बातम्या झळकल्या. त्या नटाच्या चांगुलपणाबद्दल शंका नाही. पण ज्या उद्योगात कोट्यवधींची उलाढाल होते, तेथे पडणाऱ्या माणसाचा विमा एखाद्याच्या दानतीवर अवलंबून असावा, ही त्या उद्योगाची आणि सरकारची नामुष्की आहे. अमेरिकेच्या ऑस्कर अकादमीने साहसदृश्यांच्या रचनेसाठी पुरस्कार देण्याचे २०२५ साली जाहीर केले, आणि २०२७ मध्ये प्रदर्शित होणाऱ्या चित्रपटांपासून तो लागू होईल. सन्मान मिळण्यास जवळजवळ शंभर वर्षे लागली. विमा, अपघात-भरपाई, निवृत्तिवेतन आणि श्रेयनामावलीत नाव या मागण्यांना तितका वेळ देणे परवडणारे नाही. चित्रपट कामगारांच्या संघटनांच्या मागणीपत्रकांत या चारही बाबी वरच्या स्थानी असाव्यात आणि इतर कामगार संघटनांनी त्यांना पाठिंबा द्यावा.

तिसरी जागा शाखेच्या खोलीत आहे. अभ्यासवर्गात कामगार चळवळीचा इतिहास शिकवताना एखाद्या संध्याकाळी 'ड्रंकन मास्टर' दाखवावा, तोही डागडुजी केलेल्या, पूर्ण रंगांच्या प्रतीत. पोरे खळखळून हसतील. हसून झाल्यावर त्यांना विचारावे, की उलट्या टांगलेल्या त्या मुलाला हे कसब कोणी शिकवले, कोणत्या करारावर, आणि त्याच्याबरोबर पडलेल्या बाकीच्यांची नावे काय? या प्रश्नांची उत्तरे शोधणारा तरुण उद्या आपल्या मोर्चाचे छायाचित्र काढील, तेव्हा त्यात ओरखडा नसेल आणि माणसे ओळखू येतील.